अंबाजोगाई ते खंडपीठ: एका क्रॉसओव्हरच्या पेट्रोलचा हिशेब

माझी गाडी ४ मीटरच्या आतली पेट्रोल क्रॉसओव्हर, म्हणजे हॅचबॅकपेक्षा उंच बांधणीची गाडी आहे. तीन सिलिंडरचे, १२०० सीसीच्या आतले टर्बो इंजिन आणि हाताने टाकायचे सहा गिअर, अशी तिची रचना आहे. लांबी ४ मीटरच्या आत आणि पेट्रोल इंजिन १२०० सीसीच्या आत असले की गाडीवरचा कर कमी बसतो, म्हणून आपल्याकडच्या बहुतेक कंपन्यांनी याच मापात उंच आणि ऐटबाज गाड्या बसवल्या आहेत. हॅचबॅकच्या मानाने अशी गाडी वजनाने भारी असते आणि वाऱ्याला अडणारा तिचा दर्शनी भागही मोठा असतो. माहितीपत्रकात तिचे ॲव्हरेज लिटरला १८ किलोमीटरच्या थोडे वर दिलेले होते. माझ्या हातात ती साडेबाराच्या आतबाहेर देत होती. मी अंबाजोगाईला वकिली करतो. बीडचे जिल्हा न्यायालय आणि छत्रपती संभाजीनगरचे खंडपीठ या दोन्हीकडे सततचे जाणे-येणे असल्यामुळे वर्षाकाठी वीस हजार किलोमीटर सहज होतात, आणि एवढ्या पल्ल्यावर अठरा आणि साडेबारा यांच्यातले अंतर पंपाच्या पावत्यांत लख्ख दिसते. ते पेट्रोल नेमके कुठे जाते हे शोधायचे आणि जमेल तेवढे वाचवायचे, असे ठरवून मी जे केले त्याची ही हकीकत आहे.

माहितीपत्रकातला आकडा खोटा असतो, असे आपल्याकडे सर्रास म्हटले जाते. तो खोटा नसतो, त्याची परिस्थिती वेगळी असते. पुण्याच्या एआरएआयसारख्या मान्यताप्राप्त संस्थेत ही चाचणी होते तेव्हा गाडी रस्त्यावर येतच नाही. तिची चाके रोलरवर ठेवून, ठरलेल्या क्रमाने वेग कमी-जास्त करत ती जागच्या जागी चालवली जाते. या चाचणीचक्राची लांबी साडेदहा किलोमीटरच्या आसपास, वेळ वीस मिनिटांपेक्षा किंचित कमी, सरासरी वेग ताशी ३२ किलोमीटरच्या जवळपास आणि कमाल वेग ताशी ९० किलोमीटर असतो. एसी बंद असतो. समोरचा वारा, घाटाचा चढ, दर गावातले गतिरोधक आणि मे महिन्यातले परभणी-बीडचे ऊन यांपैकी काहीही त्या खोलीत नसते. सगळ्या गाड्या एकाच मापाने मोजल्या जाव्यात आणि ग्राहकाला दोन गाड्यांची तुलना करता यावी, एवढेच त्या आकड्याचे काम. त्यामुळे अठरा गाठण्याचा नाद मी सुरुवातीलाच सोडला आणि माझ्या रस्त्यांवर माझीच गाडी किती सुधारते, एवढ्यापुरते लक्ष ठेवले.

मोजमाप पक्के नसेल तर या विषयावरच्या सगळ्या गप्पा कट्ट्यावरच्या ठरतात. डॅशबोर्डच्या डिस्प्लेवर दिसणारी सरासरी इंजेक्टरने किती पेट्रोल सोडले याच्या अंदाजावरून काढलेली असते, आणि माझ्या गाडीत ती प्रत्यक्षापेक्षा सहा-सात टक्क्यांनी चढी निघाली. भरवशाची पद्धत जुनीच आहे. टाकी फुल करायची, नोझल आपोआप बंद पडले की तिथेच थांबायचे, ओडोमीटरचा आकडा पावतीच्या मागे लिहायचा आणि पुढच्या वेळी शक्यतो त्याच पंपावर, त्याच नोझलने भरायचे. पंपावरचा मुलगा हमखास विचारतो, “साहेब, राउंड फिगर करू का?” त्याला नको म्हणायचे, कारण नोझल बंद पडल्यानंतर टाकीच्या गळ्यापर्यंत ओतलेले पेट्रोल पुढचा सगळा हिशेब बिघडवते. इतके सांभाळूनही एका टाकीमागे अर्ध्या लिटरचा घोळ राहतोच, म्हणून एका टाकीच्या आकड्यावर मी कधीच निष्कर्ष काढला नाही. सलग काही टाक्यांची बेरीज करून मगच वहीत आकडा लिहिला. पंपाच्या मापाविषयी शंका असणाऱ्यांनी हेही लक्षात ठेवावे की प्रत्येक पंपावर वैधमापनशास्त्र विभागाचा शिक्का असलेले पाच लिटरचे माप ठेवावे लागते आणि ग्राहकाने मागणी केल्यास त्यात पेट्रोल मोजून दाखवावे लागते. मी तशी मागणी केली, माप बरोबर निघाले आणि तो मुद्दा तिथेच निकाली निघाला. पहाटेच्या गारव्यात भरले तर पेट्रोल जास्त बसते, या समजुतीतही फारसा जीव नाही. जमिनीखालच्या टाकीतले तापमान सकाळ-दुपारी लक्षात येण्याइतके बदलत नाही.

हिशेबाच्या पद्धतीतही एक फसवणूक दडलेली आहे. लिटरला बाराचे चौदा झाले काय किंवा अठराचे वीस झाले काय, दोन्हीकडे दोन किलोमीटरच वाढले असे आपल्याला वाटते. तेच शंभर किलोमीटरला किती लिटर लागले असे मांडून पाहिले तर पहिल्या बदलात ८.३३ लिटरचे ७.१४ होतात, म्हणजे १.१९ लिटर वाचतात. दुसऱ्या बदलात ५.५६ चे ५ होतात, म्हणजे जेमतेम अर्धा लिटर. ज्या फेऱ्यांत गाडी सर्वांत वाईट ॲव्हरेज देते त्याच फेऱ्या आधी हाती घ्याव्यात, हे यातून उघड झाले. म्हणून मी वही शंभर किलोमीटरच्या हिशेबाने ठेवली आणि प्रवासाचे तीन वाटे केले: अंबाजोगाई गावातल्या गावात, अंबाजोगाईहून केजमार्गे मांजरसुंब्यापर्यंत आणि तिथून घाट उतरून बीडवरून पुढे चौपदरी महामार्गाने छत्रपती संभाजीनगरपर्यंत.

किलोमीटरांचा सर्वांत मोठा वाटा महामार्गाचा. बीड सोडले की पाडळसिंगीचा टोलनाका, गेवराई, शहागडला गोदावरीचा पूल, पाचोड, आडूळ असा सव्वाशे किलोमीटरच्या आसपासचा हा पट्टा सोलापूर-धुळे महामार्गावर आहे. रस्ता मोकळा मिळाला की काटा आपसूक शंभरावर जाऊन बसतो. क्रूझ कंट्रोलने वेग बांधून, जाताना आणि येताना असे दोन्ही बाजूंनी मोजून, डिस्प्लेची चूक वजा करून जे आकडे आले ते असे: ताशी ८० ला लिटरमागे १९ च्या जवळपास, ९० ला साडेसतरा आणि १०० ला पंधरा. गाडी तीच, रस्ता तोच, आत बसणारा मीच. फक्त वेगाने लिटरमागे चार किलोमीटर खाल्ले.

कारण शाळेत शिकलेलेच आहे. हवेचा विरोध वेगाच्या वर्गाच्या प्रमाणात वाढतो, त्यामुळे ८० वरून १०० वर गेल्यावर तो ५६ टक्क्यांनी वाढतो आणि १२० वर तो सव्वादोन पट होतो. उंच बांधणीच्या गाडीला हा दंड सेडानपेक्षा जास्त बसतो. शिवाय लहान टर्बो इंजिनाचा स्वभाव असा आहे की हलक्या पायाला ते लहान इंजिनासारखे वागते, पण पाय दाबला की टर्बो हवा कोंबतो आणि त्या हवेच्या प्रमाणात पेट्रोलही ओतले जाते. जड भार सलग राहिला तर तापमान आवरण्यासाठी इंजिनाचा संगणक हवा-पेट्रोलचे मिश्रण आणखी दाट, म्हणजे जास्त पेट्रोलचे करतो. लहान इंजिन म्हणजे कमी पेट्रोल, हे समीकरण पायाच्या जोरावर अवलंबून असते आणि विक्रीच्या दालनात ते कोणी सांगत नाही.

वेळेचा प्रश्न उरतो. सव्वाशे किलोमीटरला ८० आणि १०० यांच्या वेगात कागदावर १९ मिनिटांचा फरक पडतो. प्रत्यक्षात गेवराईजवळची गर्दी, टोलनाका आणि उजव्या लेनमध्ये ठाण मांडून बसलेले ट्रक हे सगळ्यांना सारखेच लागू असल्याने तो फरक दहा-बारा मिनिटांच्या पुढे गेला नाही. सकाळच्या बोर्डावर, म्हणजे न्यायालयाच्या त्या दिवशीच्या यादीत, प्रकरण असेल तर तेवढे लवकर निघता येते. मी शेवटी ताशी ८५ वर स्थिरावलो, आणि नंतर ज्या ज्या गोष्टी केल्या त्या सगळ्यांची बेरीजही या एका बदलाच्या बरोबरीला आली नाही. एका सहकाऱ्याने ट्रकच्या आडोशाने चालवण्याचा सल्ला दिला होता. ट्रकमागे हवेचा विरोध कमी होतो हे खरे आहे, परंतु जितक्या जवळ गेल्यावर त्याचा उपयोग होतो तितक्या जवळ ब्रेक लावायला जागा उरत नाही, त्यामुळे तो सल्ला मी ऐकून सोडून दिला.

समृद्धी महामार्गावर हा सगळा प्रकार ठळकपणे दिसतो. नागपूरच्या कामासाठी अधूनमधून शहागड-अंबडवरून जालन्याला जाऊन मी त्या रस्त्याला लागतो. तिथे कारला ताशी १२० ची मर्यादा आहे. त्या वेगाने सलग गेल्यावर गाडी लिटरला बाराच्याही खाली उतरली आणि परतीच्या वाटेवर ९० ते ९५ च्या दरम्यान ठेवली तेव्हा साडेसोळाला पोहोचली. रस्ता जितका चांगला तितके ॲव्हरेज वाईट, असा उलटा अनुभव तिथे येतो.

वाऱ्याकडे मात्र कोणी लक्ष देत नाही. केजहून मांजरसुंब्याकडे जाताना रस्ता साधारण पश्चिमेला जातो आणि ज्येष्ठ-आषाढात पश्चिमेचा वारा थेट तोंडावर येतो. गाडी ८० ने चालली आहे आणि समोरून २५ चा वारा आहे, तर हवेच्या दृष्टीने गाडी १०५ नेच चालली आहे. विरोध पाऊणपटीच्या जवळपास वाढतो. त्या भागातल्या माळांवर पवनचक्क्या उभ्या आहेत आणि त्यांची पाती नेहमी वाऱ्याकडे तोंड करून असतात. पुढच्या माळावरच्या पवनचक्कीची पाठ दिसली, की वारा समोरून आहे असे समजावे आणि वेग आणखी पाच-दहाने उतरवावा. माझ्या वहीत त्याच रस्त्याच्या पावसाळी फेऱ्यांत जातानाचे आणि येतानाचे आकडे लिटरला दोन-दोन किलोमीटरने वेगळे आहेत, आणि वारा लक्षात येईपर्यंत ते कोडेच होते.

मांजरसुंब्याचा घाट बीडच्या बाजूला उतरतो. तिथे गाडी न्यूट्रल करून सोडून देण्याची पद्धत आमच्या घरात वडिलांच्या वेळेपासून चालत आली आहे आणि आमचे भाऊजी आजही तिचे कट्टर पुरस्कर्ते आहेत. कार्ब्युरेटरच्या काळात त्यात थोडेफार तथ्य होते. आजच्या इंजेक्शनच्या इंजिनात गाडी गिअरमध्ये ठेवून ॲक्सिलरेटरवरचा पाय पूर्ण काढला, की पेट्रोलचा पुरवठाच बंद होतो, कारण चाकेच इंजिन फिरवत असतात. उलट न्यूट्रलमध्ये टाकली तर इंजिन बंद पडू नये म्हणून पेट्रोल सोडावे लागते. भाऊजी शेजारी बसलेले असताना मी घाटात दोन्ही प्रकार करून तत्क्षणीच्या ॲव्हरेजचा आकडा त्यांना दाखवला. गिअरमध्ये तो वरच्या टोकाला जाऊन थांबला, न्यूट्रलमध्ये खाली आला. “मशीन काहीही दाखवतंय हो,” एवढेच ते म्हणाले. मंद उतारावर न्यूट्रलमधली गाडी जास्त लांब घरंगळते, तेवढ्यापुरता त्यांचा मुद्दा मान्य करावा लागेल. परंतु घाटात इंजिनाची पकड सोडून सगळा भार ब्रेकवर टाकणे कोणत्याही हिशेबात बसत नाही.

अंबाजोगाई ते मांजरसुंबा या वाट्यात वेगापेक्षा थांबणे-सुटणे महाग पडते. गावागावांत गतिरोधक आहेत, आणि कारखान्यांचा गाळप हंगाम सुरू झाला की ऊस भरलेल्या दोन-दोन ट्रॉल्यांचे ट्रॅक्टर आणि बैलगाड्या रस्त्यावर येतात. तेराशे किलोंची गाडी ताशी ७० वरून थांबवून पुन्हा ७० वर न्यायला किती पेट्रोल लागते, याचा मी हिशेब करून पाहिला: गाडीच्या गतीत सुमारे अडीचशे किलोज्यूल ऊर्जा असते, पेट्रोलमधल्या ऊर्जेचा पाव हिस्साच चाकांपर्यंत पोहोचतो असे धरले तर प्रत्येक वेळी ३० मिलिलिटरच्या थोडे वर पेट्रोल लागते, म्हणजे कटिंग चहाच्या निम्म्याइतके. असे तीस गतिरोधक पार केले की एक लिटर संपले. गतिरोधक टाळता येत नाहीत, पण गावाची पाटी दिसताच पाय काढून गाडीला आपोआप मंदावू देता येते, आणि मंदावताना पेट्रोल बंदच असते. ट्रॅक्टरच्या मागे जाऊन ब्रेक मारण्याऐवजी दोनशे मीटर आधीच वेग उतरवला, तर समोरचा रस्ता मोकळा होईपर्यंत निदान तिसऱ्या गिअरमध्ये चालत राहता येते. पुन्हा वेग घेताना दोन हजार आरपीएमच्या आसपास वरचा गिअर टाकायचा, मात्र गाडी कुंथू लागेल इतका लवकर नाही; तीन सिलिंडरचे इंजिन थरथरून स्वतःच सांगते. एवढ्या बदलाने या वाट्यातला आकडा साडेअकरावरून चौदाच्या वर गेला. ब्रेकची पॅडेही आता जास्त टिकतील, असे दिसते.

इतके करूनही एका पावसाळ्यानंतर महामार्गाचा आकडा विनाकारण खाली आला. वेग तोच, वारा पडलेला, तरी लिटरमागे किलोमीटरभर कमी. खंडपीठातून परतताना गेवराईला चहासाठी थांबलो, तेव्हा गाडीभोवती फिरून चारही चाकांच्या रिमजवळ हात नेऊन पाहिला. तीन चाके कोमट होती आणि पुढच्या डाव्या चाकाजवळ हात धरवत नव्हता, वास्तविक त्याआधीच्या लांब पट्ट्यात मी ब्रेकला पायही लावला नव्हता. अंबाजोगाईला आल्यावर आमच्या नेहमीच्या मिस्त्रींनी जॅक लावून चाक हाताने फिरवून पाहिले. एक फेरा सोडा, ते अर्ध्यातच अडकले. “वकीलसाहेब, ब्रेक धरतोय बघा हा. इतकं जड चाक वढायचं म्हणल्यावर ती पेट्रोल पिणारच की,” असे म्हणून त्यांनी कॅलिपर, म्हणजे ब्रेकची पॅडे चाकाच्या तबकडीवर दाबणारा भाग, खोलला. ज्या पिनांवर कॅलिपर मागे-पुढे सरकतो त्यांतल्या एकीवरचे रबर फाटून आत चिखलाचे पाणी गेले होते आणि पिन गंजून जागीच बसली होती. पिना साफ करून, उष्णता सोसणारे ग्रीस लावून आणि नवी रबरे घालून काम दोन तासांत आटोपले, खर्चही किरकोळ आला, आणि पुढच्या टाकीपासून हरवलेला किलोमीटर परत आला. आमच्या काळ्या मातीच्या रस्त्यांवरून जाणाऱ्या गाडीचे हे नेहमीचे दुखणे आहे, असे मिस्त्री म्हणाले. तेव्हापासून लांबच्या प्रवासात थांबलो की चाकांजवळ हात नेण्याची सवय लागली आहे; त्याला ना यंत्र लागते ना पैसा.

टायरच्या हवेचा परिणाम लोक सांगतात तेवढा मोठा नाही, पण आहे. चालकाच्या दाराच्या चौकटीवरच्या स्टिकरवर माझ्या गाडीला ३३ पीएसआय हवा सांगितली आहे आणि पूर्ण भाराला मागच्या चाकांत त्याहून थोडी जास्त. पंक्चरच्या दुकानांतल्या मीटरांत आपसांत तीन-चार पीएसआयचा फरक आढळला, म्हणून स्वतःचा मीटर घेतला आणि सकाळी गाडी थंड असताना हवा मोजू लागलो. तापमान पाच-सहा अंशांनी बदलले की हवा साधारण एका पीएसआयने बदलते, त्यामुळे दुपारी महामार्गावरून उतरल्यावर दिसणारे ३७ किंवा ३८ हे जास्त हवा भरल्याचे लक्षण नसते आणि ती काढून टाकायची नसते. एक पीएसआय कमी असल्याने ॲव्हरेज अर्ध्या टक्क्यानेही बिघडत नाही. सहा-सात कमी राहिली तर दीड-दोन टक्के जातात आणि टायरच्या कडा झिजतात ते वेगळेच. ॲव्हरेजसाठी चाळीसपर्यंत हवा ठासण्याचा प्रकार मी केला नाही, कारण खड्ड्याखड्ड्यांवर उड्या मारणारे टायर ब्रेक लावताना रस्ता धरत नाहीत. नायट्रोजनने ॲव्हरेज वाढते, हे निव्वळ दुकानदारी आहे.

एसीवरून आमच्या घरात दोन पक्ष आहेत. एप्रिल-मे महिन्यांत पारा ४२ अंशांवर असताना काचा उघड्या ठेवून लिटरमागे किलोमीटर वाचवा, असे मी कोणाला सांगणार नाही, आणि ताशी ८० च्या पुढे उघड्या काचांनी हवेचा विरोधही वाढतो. महामार्गावर एसीमुळे लिटरमागे एक किलोमीटरच्या आसपास जातो, गावात त्याहून जास्त. उन्हात तापलेल्या गाडीत बसल्यावर पहिली दोन-तीन मिनिटे काचा उघडून आतली वाफ बाहेर जाऊ द्यायची, मग काचा लावून आतलीच हवा फिरवत ठेवायची आणि तापमान २५ वर ठेवायचे; न्यायालयाच्या आवारात लिंबाखाली जागा मिळवण्यासाठी दहा मिनिटे लवकर जाणे हाही या उपायाचाच भाग आहे. एक गंमत अशी, की उन्हाळ्यातली हवा विरळ असते; १५ अंशांच्या थंडीपेक्षा ४२ अंशांच्या हवेची घनता आठ-नऊ टक्क्यांनी कमी भरते आणि गाडीला होणारा विरोधही तेवढाच घटतो, त्यामुळे एसीने खाल्लेले थोडेसे पेट्रोल उन्हाळाच परत करतो. डिसेंबर आणि मे यांच्या आकड्यांत मला जो फरक अपेक्षित होता त्यापेक्षा कमी निघाला, त्याचे कारण बहुधा हेच असावे.

पेट्रोलमधल्या इथेनॉलचा उल्लेख टाळून चालणार नाही. लिटरभर पेट्रोलमध्ये सुमारे ३२ मेगाज्यूल ऊर्जा असते आणि लिटरभर इथेनॉलमध्ये सुमारे २१. वीस टक्के इथेनॉल मिसळले की लिटरची ऊर्जा ३० च्या खाली येते, म्हणजे शुद्ध पेट्रोलपेक्षा सात टक्क्यांच्या जवळपास कमी आणि पूर्वीच्या दहा टक्के मिश्रणापेक्षा साडेतीन टक्क्यांच्या आसपास कमी. नीती आयोगाच्या २०२१ च्या आराखड्यातही जुन्या रचनेच्या चारचाकींसाठी सहा-सात टक्क्यांची घट धरलेली होती. इथेनॉलचा ऑक्टेन, म्हणजे इंजिनात ठोके न देता दाब सोसण्याची क्षमता, जास्त असल्याने त्याला अनुरूप बांधलेल्या इंजिनात यातला काही भाग भरून निघतो. मिश्रणाचे प्रमाण माझ्या हातात नाही, त्यामुळे ॲव्हरेज उतरले की सगळे खापर इथेनॉलवर फोडण्याची जी रीत पडली आहे तिचा मला उपयोग नव्हता. तीन-चार टक्क्यांचा हिशेब इथेनॉलच्या नावे लिहून बाकीची घट शोधावी लागली. आमच्याच शिवारातल्या उसाची मळी कारखान्याच्या आसवनीतून जाऊन आमच्याच टाकीत परत येते, आणि त्या उसाने आमच्या विहिरी किती खाली नेल्या हा वेगळा दावा आहे, तो इथे चालवत नाही.

गावातल्या फेऱ्यांना मात्र औषध सापडले नाही. घर ते न्यायालय जेमतेम दोन किलोमीटर. थंड इंजिनाला सुरुवातीला दाट मिश्रण लागते, तेल जड असते, आणि इंजिन तापायच्या आत गाडी लावायची वेळ येते. त्यात बाजारातली कोंडी आणि एसी मिळून लिटरला साडेआठ-नऊच्या पुढे गाडी सरकत नाही. पक्षकाराशी बोलताना गाडी चालू ठेवून उभे राहिले तर एसीसकट तासाला लिटरच्या आसपास पेट्रोल नुसते उभ्याने जळते. चालवण्याच्या कौशल्याने यात फारसे काही होत नाही, म्हणून गावात गाडी काढणेच कमी केले. न्यायालयात स्कूटीवर जातो, पावसाळ्यात आणि फाइलींचे गठ्ठे असतील तेव्हाच गाडी निघते, आणि बाहेरगावी जाण्याच्या दिवशी गावातली कामे त्याच फेरीत उरकतो, कारण एकदा तापलेले इंजिन थांबून पुन्हा सुरू केले तर तेवढे पेट्रोल पीत नाही.

उरलेल्या गोष्टी झटपट सांगण्यासारख्या आहेत. छपरावरचे कॅरिअर काढले, त्याने महामार्गावर लिटरमागे अर्धा किलोमीटर सुधारला. डिकीतली जुनी निवाडापत्रके आणि अडगळ काढली, फरक मोजता आला नाही. एअर फिल्टर बदलला, त्यानेही आकडा हलला नाही, आणि हलायला नकोच होता; इंजेक्शनच्या इंजिनात आत येणारी हवा मोजूनच पेट्रोल सोडले जाते, त्यामुळे तुंबलेला फिल्टर गाडीचा जोर कमी करतो, ॲव्हरेज फारसे नाही. आमच्या धुळीत तो वेळेवर बदलावाच, पण इंजिनाच्या आयुष्यासाठी. महागडे पॉवर पेट्रोल काही टाक्या वापरले, वहीत त्याची खूणही दिसत नाही. पेट्रोलच्या नळीवर बांधायच्या चुंबकाची जाहिरात करणाऱ्याला मी दारातूनच परत पाठवले.

आता सगळे रस्ते आणि सगळे ऋतू मिळून गाडी लिटरला साडेपंधराच्या थोडे वर देते. शंभर किलोमीटरला आठ लिटर लागत होते, तिथे आता साडेसहाच्याही आत लागतात. वर्षाच्या वीस हजार किलोमीटरना सव्वातीनशे लिटरच्या आसपास पेट्रोल वाचते आणि आमच्याकडच्या भावाने ते पस्तीस हजारांच्या घरात जाते. त्यातला निम्म्याहून अधिक वाटा केवळ महामार्गावरच्या वेगाचा आहे, त्यानंतर गावातली स्कूटी आणि गतिरोधकांआधी काढलेला पाय, मग तो धरलेला ब्रेक, आणि बाकी सगळे किरकोळ.

सध्या टायर बदलण्याची वेळ आली आहे. लातूरच्या दुकानदाराने रुंद टायर आणि मोठे रिम घालण्याचा आग्रह धरला, गाडी भारदस्त दिसेल असे त्याचे म्हणणे. रुंद टायर सहसा जड असतो, हवेला जास्त अडतो, आणि बाहेरचा घेर बदलला तर ओडोमीटरचे किलोमीटरही बदलतात, म्हणजे इतक्या दिवसांची वही निरुपयोगी होईल. कंपनीने दिलेल्या मापाचेच, कमी घर्षणाचे टायर मागवायला सांगितले आहेत. नव्या टायरची पूर्ण खोलीची नक्षी सुरुवातीला झिजलेल्या टायरपेक्षा थोडे जास्त पेट्रोल मागते, त्यामुळे पहिल्या काही टाक्यांचा आकडा खाली आला तरी त्यावरून काही ठरवायचे नाही, अशी नोंद वहीत आधीच करून ठेवली आहे.